लोणारला अर्धा दिवस तरी द्यावा

लोणारचं सरोवर काठावरून पाहून दहा मिनिटांत गाडीकडे वळणाऱ्यांना ते दिसलेलंच नसतं, असं माझं ठाम मत आहे. सुमारे 1.8 किलोमीटर व्यासाचं हे विवर बेसाल्टवर उल्का आदळून झालं, एवढं पाटीवरही वाचता येतं. पण काठावरच्या झऱ्याची धार गोड्या पाण्याची आणि तळाचं पाणी खारं, अल्कधर्मी, हा फरक खाली उतरल्यावरच उमगतो. वाटीत घेतलेल्या त्या पाण्यात चिमूटभर हळद टाकली की लाल होते. चुन्याने हळदीचं कुंकू होतं, तीच ही किमया. इथला क्षार एकेकाळी साबणासाठी आणि काचेच्या बांगड्यांसाठी जात असे. हे सारं जाणता वाटाड्याच नीट उलगडून सांगतो.

वाटाड्या म्हणजे खर्च आणि बंधन, असं कुणी म्हणेल. खर्च होतो हे खरं, पण तो गावातल्याच माणसाच्या हाती जातो. आणि बंधन हवंच. अटाकामाच्या वाळवंटातल्या काही खाऱ्या तळ्यांत पर्यटक तरंगतात; लोणारच्या पाण्यात तसं उतरण्याचा हट्ट नको. जून 2020 मध्ये हे पाणी गुलाबी झालं. ते मिठात वाढणाऱ्या सूक्ष्मजीवांमुळे, असं पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेला आढळलं. पाणी आटलं, क्षार वाढला, की एवढा बदल होतो. त्याच वर्षी सरोवराला रामसर दर्जा, म्हणजे आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागेचा मान, मिळाला. साबण, तेल, निर्माल्य काहीही पाण्यात जाऊ नये, हे वाटाड्याने उतरण्याआधीच बजावायला हवं.