पंधरातले दहा

मैत्रिणींनो, घरबसल्या शिवणाचं काम घेता ना? मग तारीख कबूल करण्याआधी कॅलेंडर पुढ्यात घ्या. बदलापूरच्या आमच्या शेजारच्या वहिनी उल्हासनगरहून कापड आणून अंबरनाथच्या कारखान्याला पिशव्या शिवून देतात. मी अर्धवेळ शिक्षिका, म्हणून हिशेब माझ्याकडे!

1 ते 15 ऑक्टोबर 2026 पाहा. शिवण काय, आपण रविवारीही करतो. पण माल घ्यायला कारखाना आणि चेक वटायला बँक उघडी हवी. कारखान्याची सुट्टी शुक्रवारी, म्हणजे 2 आणि 9. गांधी जयंतीही 2 लाच. बँकेचे रविवार 4 आणि 11. शिवाय 2015 पासून दुसरा-चौथा शनिवार बंद, म्हणून 10 गेली. उरले दहाच! मदतीला येणाऱ्या बायकांची मजुरी त्यांतूनच निघायची. तेव्हा शब्द दहा दिवसांवर द्या, पंधरांवर नको.