गहाण टाकलेले घर

आम्ही दोघेही मराठीचे अध्यापक. महाविद्यालये वेगळी, घर एक. चित्रपटाशी आमचे नाते प्रेक्षकाचेच. अपवाद २०११ सालचा. त्या वर्षी आम्ही एका लघुपटाची संहिता लिहिली. खर्चाचा अंदाज दीड लाखाचा निघाला आणि नेमकी तेवढी शिल्लक सदनिकेच्या पहिल्या भरण्यात गेली. संहिता माळ्यावर आहे. यात शोकात्म काही नाही. पण जॉन कॅसावेटीसविषयी आमच्यात जो वाद वर्षानुवर्षे चालतो, तो त्या माळ्यावरूनच खाली उतरलेला आहे, हे आधी कबूल केलेले बरे.

कॅसावेटीस मूळचा नट. १९५७ साली न्यूयॉर्कच्या एका रेडिओ कार्यक्रमात त्याने श्रोत्यांना आवाहन केले: सामान्य माणसांविषयीचा चित्रपट हवा असेल तर पैसे पाठवा. सुमारे दोन हजार डॉलर आले. त्यातून ‘शॅडोज’ उभा राहिला. पहिली आवृत्ती मनासारखी उतरली नाही म्हणून त्याने बराच भाग नव्याने लिहून पुन्हा चित्रित केला, आणि १९५९च्या आवृत्तीअखेर मात्र हा चित्रपट उत्स्फूर्त असल्याची पाटी झळकवली! त्या पाटीमुळे पुढे त्याच्या काटेकोर लिहिलेल्या संहितांनाही लोक उत्स्फूर्त समजत राहिले. भाषेच्या अध्यापकांना हा अन्याय जरा अधिकच बोचतो.

१९६३ साली ‘अ चाइल्ड इज वेटिंग’चे संकलन निर्मात्याने त्याच्या हातून काढून घेतले. त्यानंतर त्याने जणू एक व्यवस्थाच लावून घेतली: दुसऱ्यांच्या चित्रपटांत भूमिका करायच्या आणि ते पैसे स्वतःच्या चित्रपटात ओतायचे. ‘द डर्टी डझन’मधल्या भूमिकेसाठी त्याला ऑस्करचे नामांकन मिळाले, तेव्हा त्याच्या स्वतःच्या ‘फेसेस’चे काम रखडत चाललेच होते. १९६५ मध्ये, बरेचसे राहत्या घरातच, चित्रित झालेला हा चित्रपट १९६८ मध्ये पडद्यावर आला. नोकरीमुळे लेखन होत नाही, असे स्टाफरूममध्ये सांगणाऱ्या आम्हांला हा तपशील फारसा सोयीचा नाही.

वाद पेटतो तो १९७४च्या ‘अ वूमन अंडर द इन्फ्लुअन्स’वरून. या चित्रपटासाठी त्याने घर गहाण टाकले. अभिनेता पीटर फॉकने आपले पाच लाख डॉलर घातले. वितरक मिळेना, तेव्हा चित्रपटगृहांशी स्वतःच बोलणी केली. आमच्यापैकी एकाला यात कलावंताची निष्ठा दिसते. दुसरे विचारते, घरात आणखी माणसे राहत होती ना?

राहत होती, आणि तीच पडद्यावर आहेत. स्त्रियांच्या कोंडमाऱ्यावर काही लिही, ही मागणी त्याची पत्नी जीना रोलंड्स हिचीच होती. नाटक म्हणून सुरुवात झाली. पण अशी भूमिका रोज रात्री पेलवणार नाही, असे तिने सांगितल्यावर त्याचा चित्रपट झाला. त्यात त्याची आई आणि तिची आईही आहे. आणि गोष्ट कोणाची? रात्रपाळी संपवून सगळे मजूर न विचारता घरी जेवायला आणणाऱ्या नवऱ्याची, आणि त्यांना स्पॅगेटी वाढता वाढता तोल जाणाऱ्या बायकोची. म्हणजे दुसऱ्याचा आक्षेप कॅसावेटीसला पुरता ठाऊक होता. ठाऊक असूनही त्याने घर भरलेच. पहिल्याला हे उत्तर वाटते, दुसऱ्याला कबुलीजबाब.

‘लव्ह स्ट्रीम्स’ पुन्हा त्याच घरात झाला; बहीण-भावाच्या भूमिकांत ती दोघे. १९८४ साली त्याला बर्लिनचे सुवर्णअस्वल मिळाले. १९८९ मध्ये, एकोणसाठाव्या वर्षी, यकृताच्या विकाराने कॅसावेटीस गेला. रोलंड्स २०२४च्या ऑगस्टमध्ये गेली.

ती बातमी आली त्या रात्री आम्ही ‘वूमन’ पुन्हा पाहिला. अखेरीस, एवढ्या आरडाओरड्यानंतर, नवराबायको टेबलावरची भांडी आवरतात आणि झोपायला अंथरूण घालतात. दोघांच्या हालचालींत रोजची सवय असते. मग माळ्यावरची संहिता काढली. टाचणी गंजली होती. एकाने दीड लाखाचा आकडा आजच्या भावाने मांडायला घेतला. दुसऱ्याने विचारले, गृहकर्जाचे हप्ते किती उरले?

एकाहत्तर.