पल्याडचं वर्ष

आजोबांच्या लोखंडी ट्रंकेत शेतसाऱ्याच्या पावत्यांची एक गठडी होती. पावत्या उर्दूतल्या. आजोबा निजामाच्या राज्यात शिकलेले, त्यामुळे ते त्या सरळ वाचायचे. एका पावतीवरचं साल त्यांनी वाचलं : तेराशे बावन्न. मी तेव्हा पाचवीत होतो आणि इतिहासात नुकतंच बहमनी राज्य शिकलो होतो. तेराशे बावन्न साली ते राज्य नवंकोरं होतं. त्या साली सारा भरलेला माणूस आमच्या नायगावच्या घरात, माझ्यासमोर, पानाला चुना लावत बसला होता.

"फसली साल हाय ते," आजोबा म्हणाले. "पाचशे नव्वद मिळीव."

मिळवले. १९४२ आलं. हिशेब सुटला, पण त्याआधीच्या काही क्षणांत मला जे दिसलं होतं ते गेलं नाही. आज मी कल्पित जगाच्या गोष्टी लिहितो. माझ्या गोष्टींतला काळ कुठे वाकतो, कुठे मागं राहतो. त्याची मुळी त्या पावतीत आहे.

पहिली गोष्ट मात्र फसली. काळ थांबलेलं एक वावर मी त्यात रंगवलं होतं. आत गेलेला माणूस म्हातारा होत नाही, एवढीच कल्पना. मला ती फार मोठी वाटली होती. आजीला वाचून दाखवली. ती तूर पाखडत होती. ऐकून झाल्यावर तिनं विचारलं, "अन् तिथली तूर कोणी काढली रं? पाऊस तरी कोणाच्या सालानं पडला?"

मला उत्तर देता आलं नाही. ती गोष्ट मी कुठेही पाठवली नाही. आजीचा प्रश्न मात्र ठेवून घेतला, आणि आजही नवी गोष्ट हाती घेतली की पहिल्यांदा तोच विचारतो. काळ वाकवणं सोपं असतं. एका वाक्यात वाकतो. तो वाकल्यावर पेरा कधी, सारा कधी, सावकाराचं व्याज कोणत्या वर्षानं, हे लिहायला वही लागते.

फसलीनंच मला हे शिकवलं. हिजरी वर्ष चांद्र, ३५४ दिवसांचं. सौर वर्षापेक्षा अकरा दिवसांनी तोकडं. पीक सूर्याच्या चालीनं येतं, सारा चंद्राच्या चालीनं मागितला तर कुणब्यानं तो कुठून भरावा? म्हणून अकबरानं हिजरी ९६३, म्हणजे इ.स. १५५६चा आकडा धरला आणि तिथून पुढं तो सूर्याच्या चालीनं मोजायला लावला. पिकाचं साल, ते फसली साल. दक्षिणेत हा बदल शहाजहानच्या काळात, १६३६च्या सुमारास झाला. मधल्या ऐंशी वर्षांत चंद्राची साडेब्याऐंशीच्या आसपास वर्षं होऊन गेली होती. त्यामुळे उत्तरेचं फसली आणि आमचं दख्खनी फसली यांच्यात दोन वर्षांहून जास्त अंतर पडलं, ते पडलंच. एकाच नावाचं साल, दोन मुलखांत दोन आकड्यांचं! आमच्याकडे आजूर, दै, बहमन, इस्फंदार असे त्याचे महिने, आणि आजूर लागायचा ऑक्टोबरात. १९४८च्या सप्टेंबरात निजामाच्या राज्यावर पोलीस ॲक्शन झाली तेव्हा इथल्या कागदांवर १३५७ सरत आलं होतं.

हे वाचलं त्या रात्री मी 'आडकाळ' या माझ्या मुलखाची पहिली रेघ ओढली. मध्ये एक ओढा. अल्याड तीन वर्षं जातात तेव्हा पल्याड दोन. सूर्य एकच, पाऊस एकच. फक्त पल्याडच्यांना दिवस आखूड वाटतो आणि आपलं सहा महिन्यांचं पीक त्यांच्या अंगाला चारच महिन्यांचं लागतं. एवढा नियम केला आणि मग त्याला हात लावायचा नाही असं ठरवलं. जयंत नारळीकरांना त्यांचा नियम पदार्थविज्ञानानं दिलेला होता. १९७४ साली त्यांनी नारायण विनायक जगताप या नावानं मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला 'कृष्णविवर' ही कथा पाठवली. कृष्णविवराजवळ घड्याळ किती मंदावतं ते गणितानं ठरतं, लेखकाच्या लहरीनं नव्हे. माझ्यासारख्यानं नियम स्वतः करायचा, तर तो त्यांच्याइतकाच कडक पाळला पाहिजे असं मला वाटतं.

पण माझा खरा गुरू त्याहून जुना आहे. रैवत राजा लेकीला, रेवतीला घेऊन ब्रह्मदेवाकडे स्थळ विचारायला जातो. तिथं हाहा-हूहू गंधर्वांचं गाणं चाललेलं असतं. गाणं संपेपर्यंत राजा थांबतो, आणि तेवढ्यात पृथ्वीवर युगं उलटतात. मनात धरलेले सगळे वर, त्यांची नातवंडं-पतवंडंही गेलेली. इथवर कोणीही रचेल. विष्णुपुराणकार पुढं जातो : मधल्या काळात माणसं ठेंगणी झाली आहेत आणि रेवती जुन्या युगाच्या उंचीची आहे. तेव्हा बलराम नांगराच्या टोकानं तिला खाली आणतो आणि मग लग्न लागतं. नांगरानं! काळाचा फरक हाताला लागावा असा त्यानं तिच्या अंगावर ठेवला आणि तो मिटवायला शेतातलं अवजार आणलं. मी हा नांगर गेली कित्येक वर्षं शोधतो आहे.

'आडकाळ'मध्ये तो मला पंचमीत सापडला. दोघी बहिणी. अक्का वीस वर्षांची, धाकटी चौदाची. अक्का ओढ्यापल्याड दिलेली. दर पंचमीला माहेराहून मूळ जातं. अल्याडच्यांना ते वर्षानं जातं, पण तिच्या सासरी ते आठव्या महिन्यालाच येऊन उभं राहतं. सासू म्हणते, हिला माहेरची ओढ जरा जास्तच. सासूचं खोटं नाही, आणि सुनेचंही नाही. हे लिहिलं त्या दिवशी आजी असायला हवी होती असं फार वाटलं.

अठरा वर्षांनी दोघी बत्तिशीच्या होतात. त्या पंचमीला गाव गप्प राहून बघतं. त्याच्या पुढच्या पंचमीला धाकटी थोरली झालेली असते. आता कोणी कोणाच्या पाया पडायचं? अक्का कोणाला म्हणायचं? हे प्रकरण मी पाच वेळा लिहिलं. चार वेळा बहिणींना याबद्दल बोलायला लावलं, आणि चारही वेळा त्या माझंच बोलल्या. पाचव्या वेळी वहीत नुसती वयं मांडली आणि दोघींना अंगणात आणून सोडलं.

चोपन्नावी पंचमी. धाकटी अडुसष्टची, गुडघे गेलेले. अक्का छप्पन्नची, केस अजून काळे. धाकटी काठी टेकत "अक्के" म्हणून पुढं येते आणि वाकायला लागते. अक्का तिला धरत नाही, नको म्हणत नाही. ती वळते आणि ओट्याच्या दोन पायऱ्या चढून उभी राहते, म्हणजे धाकटीचा हात न वाकता पायाला पोचेल.