नसलेला ग्रह आणि आमची आत्या

७ सप्टेंबर २०२५. भाद्रपद पौर्णिमा, रविवार, आणि रात्री खग्रास चंद्रग्रहण. मी मुद्दाम करकंबला गेलो होतो. घरात सांगितलं ग्रहण बघायला चाललोय म्हणून. खरं कारण पिशवीत होतं, लेकीची पत्रिका.

झालं असं की एक चांगलं स्थळ आलं होतं. मुलगा बरा, माणसं बरी, फक्त "पत्रिका पाठवा" म्हणाले. आमच्याकडे पत्रिकाच नव्हती, म्हणून करून घेतली. आणि बघतो तर काय, सातव्या घरात राहू! मंडळी, आमच्या घराण्यात या दोन शब्दांना काय वजन आहे ते नातेवाइकांना सांगायला नको. बाकीच्यांसाठी सांगतो.

आत्याचा जन्म १९४७ चा. तिच्याही सातव्या घरात राहू. दिसायला छान, मॅट्रिक झालेली, पण स्थळ आलं की पत्रिका जायची आणि पत्रिका गेली की स्थळही जायचं. पाच-सहा वेळा असं झाल्यावर आजोबांनी नाद सोडला. आत्या प्राथमिक शाळेत मास्तरीण झाली आणि अर्ध्या गावाला पाढे शिकवून रिटायर झाली.

आता हा राहू म्हणजे कोण? गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे. समुद्रमंथनानंतर देवांच्या पंगतीत चोरून बसलेला असुर, सूर्य-चंद्रांनी चहाडी केली, मोहिनीरूपातल्या विष्णूनं मुंडकं उडवलं. मुंडकं राहू, धड केतू. नेवाशाला मोहिनीराजाचं देऊळ आहे आणि त्या भागात सांगतात की मुंडकं पडलं ती राहुरी, काया पडली ते कायगाव. म्हणजे बघा, आकाशात नसलेल्या ग्रहाला आपण जमिनीवर एस. टी. चे थांबे देऊन टाकले!

आकाशात तो खरंच नाही. नवग्रहांतल्या या दोघांना दुर्बीण लावा नाहीतर काही लावा, दिसणार नाहीत. चंद्राची कक्षा पृथ्वीच्या कक्षेशी साधारण ५ अंशांनी कललेली आहे. दोन्ही पातळ्या एकमेकींना जिथे छेदतात त्या दोन बिंदूंना नावं दिली राहू आणि केतू. हे बिंदू उलटे सरकतात आणि साडेअठरा वर्षांच्या आसपास एक फेरी पुरी करतात. अमावास्या किंवा पौर्णिमा या बिंदूंजवळ झाली तरच ग्रहण, नाहीतर नाही. ग्रहण सावल्यांमुळे लागतं हे आर्यभटानं इ. स. ४९९ मध्येच लिहून ठेवलंय. तरी पंचांगवाले राहू मांडत राहिले, कारण गणिताला तो लागतोच! नसलेली वस्तू, पण तिच्याशिवाय ग्रहणाची वेळ सांगता येत नाही.

बरं, नसलेले ग्रह मांडायची खोड काय फक्त पुराणांनाच आहे? लव्हेरिए या फ्रेंच गणितज्ञानं कागदावर एक ग्रह मांडला, तो १८४६ मध्ये नेपच्यून म्हणून सापडला. मग त्यानंच बुधाच्या आत आणखी एक मांडला, वल्कन. तो मात्र सापडला नाही. बुधाच्या चालीतला फरक १९१५ मध्ये आइनस्टाइनच्या सिद्धांतानं उलगडला आणि वल्कनची गरजच संपली.

आणि आपल्या मराठी माणसानंही हे केलंय. व्यंकटेश बापूजी केतकर, पंचांगात चित्रापक्ष मांडणारे ते हेच. ते विजापूरचे, म्हणजे आपल्या सोलापूरपासून शंभरेक किलोमीटरवर. गुरूच्या चंद्रांच्या फेऱ्यांमध्ये जसं प्रमाण आहे तसं बाहेरच्या ग्रहांत असेल असं धरून त्यांनी १९११ मध्ये फ्रान्सच्या खगोल संस्थेच्या पत्रिकेत नेपच्यूनपलीकडचे दोन ग्रह सुचवले. नावं ठेवली ब्रह्मा आणि विष्णू! ब्रह्माचं अंतर सूर्य-पृथ्वी अंतराच्या ३८.९५ पट, फेरी २४२.२८ वर्षांची. फेब्रुवारी १९३० मध्ये प्लूटो सापडला. त्याचं अंतर ३९.४८ पट, फेरी २४८ वर्षं. त्याच वर्षी केतकर गेले. आता आकडे इतके जवळ आले यात योगायोगाचा भाग असेलही. विष्णू काही सापडला नाही, आणि प्लूटोचंही ग्रहपद २००६ मध्ये गेलं. पण मला यातलं आवडतं ते हे की केतकरांनी आकडा दिला. चुकलो तर चुकलो म्हणता येईल असा आकडा. विष्णू सापडला नाही म्हणून कुणाच्या पोरीचं लग्न अडलं नाही.

असो. तर त्या रात्री. शेजारीपाजारी दुपारी एकच्या सुमारासच वेध पाळून बसलेले. आत्यानं नऊला बाजार आमटी आणि भाकरी पुढ्यात ठेवली, वर म्हणाली, "जेव. चंद्राला लागलंय, तुला नाही." मग आम्ही माळवदावर गेलो. ढग येत होते, जात होते. अकरानंतर पूर्ण चंद्र तांबूस झाला.

मला १९८० आठवलं. १६ फेब्रुवारीचं सूर्यग्रहण. खग्रासाचा पट्टा कारवार-रायचूरवरून गेला, आमच्याकडे खंडग्रास. अख्खं गाव दारं लावून आत. आत्यानं मात्र आम्हा पोरांना मागच्या चिंचेखाली नेलं आणि म्हणाली, वर बघायचं नाही, खाली बघा. मातीवर पानांच्या फटींतून पडलेले शेकडो कवडसे, प्रत्येक कवडसा कोरीसारखा! त्या दिवसापासून मला ग्रहणाची भीती नाही.

पत्रिकेची मात्र होती, हे त्या रात्री कळलं. मी पिशवीतून कागद काढला. तिनं बॅटरीच्या उजेडात पाहिला आणि हसली.

"अगं आत्या, हा राहू मुळात नाहीचए," मी म्हणालो. "नुसता बिंदू आहे. नसलेल्या ग्रहानं तुझं..."

"त्याला कशाला बोल लावतोस?" ती म्हणाली. "तो बिचारा माझ्या जन्मापासून चार फेऱ्या मारून गेला, एका शब्दानं बोलला नाही. नाही म्हणाली ती माणसं. आणि कागद पाठवला तो आपल्याच घरानं, दर वेळी."

यावर मला काही बोलता आलं नाही. थोड्या वेळानं चंद्राची एक कड उजळायला लागली. आत्या "दे दान सुटे गिराण" असं हळूच म्हणाली. लहानपणी गल्लीत ऐकायचो ती आरोळी. मग गुडघे धरत खाली उतरली.

दुसऱ्या दिवशी त्या स्थळाला फोन केला. मुलगी शिकलेली आहे, नोकरी करते, दोघं भेटू देत, बोलू देत. पत्रिका मात्र आमच्याकडून मिळणार नाही. पलीकडे थोडा वेळ शांतता. "विचार करून सांगतो" म्हणाले.

अजून सांगितलेलं नाही. लेक म्हणते, "बाबा, बरंच झालं, लवकर कळलं." घरातल्या काही मंडळींना हे पटणार नाही, त्यांनी माझ्यावर रागवावं, आत्यावर नको.

कागद तिनं ठेवून घेतला. मागची बाजू कोरी आहे, किराण्याची यादी होईल म्हणाली.