मानपानाला न बधणारं भय

कोकणातल्या खारेपाटणात भुतांना पत्ता असतो. हा पिंपळाखालचा मुंजा, तो पाणंदीतला, तिसरा सीमेवरचा देवचार. कोण कुठे बसतो, त्याला काय चालतं, कुठल्या दिवशी काय द्यायचं, हे सगळं गावरहाटीत ठरलेलं. देवचार तर राखणदारच. रात्री वाट चुकलेल्याला घरापर्यंत सोडणारा. तिकडे वेंगुर्ल्याच्या बाजूला आरवलीच्या वेतोबाला भक्त भल्यामोठ्या चामडी वहाणा वाहतात. देव रात्री गावभर फिरतो, म्हणून त्या झिजतात, अशी श्रद्धा. "कोंबो दिल्यार तो कोणाक काय करणा नाय," असं आजी सांगायची आणि नातीला ते पटायचं. या भीतीत एक प्रकारची घरगुती शिस्त होती.

अशा घरात भयकथाकार नारायण धारपांची कादंबरी आली. तपकिरी कागदाचं वेष्टन, कण्याला गोणीच्या दोऱ्याची शिवण, आत चिकटवलेल्या चिठ्ठीवर तारखांचे शिक्के एकावर एक. नाव 'लुचाई'. शेवटची पानं कुणीतरी फाडून नेलेली. तिन्हीसांजेला कंदिलाशी पुस्तक धरून बसलेल्या नातीला आजी म्हणाली, "असला काय वाचतंस गो?" त्या 'असल्या'चं उत्तर द्यायला तिला पुढे अर्धं आयुष्य लागलं.

कारण धारपांच्या भुतांना पत्ता नव्हता. कुणाला वारसाहक्कात जुनं घर मिळतं, कुणी लिलावात एखादी वस्तू घेतो, कुणी नव्या गावी नोकरीला येतो. निवेदक साधा, शिकलेला, जमाखर्च नीट ठेवणारा माणूस. वाक्यंही तशीच, विशेषणं जेमतेम. पानांमागून पानं काहीच घडत नाही आणि मग एखादा दरवाजा उघडतो. पलीकडे जे असतं ते कुणा अतृप्त नातेवाइकाचं भूत नसतं. ते या जगातलंच नसतं. त्याला नारळ नको, कोंबडा नको, मान नको. त्याला फक्त आत यायचं असतं. गावरहाटीत वाढलेल्या मुलीला हे सगळ्यात भयंकर वाटलं: ज्याच्याशी करारच करता येत नाही, असं काहीतरी.

 

धारप १९२५ साली जन्मले आणि २००८ साली गेले. शिक्षण बी.एस्सी. टेकचं, आणि ते त्यांच्या लेखनात जागोजागी दिसतं. 'नेनचिम', 'गोग्रामचा चितार' यांसारख्या विज्ञानकादंबऱ्या लिहिणारा आणि अमानवी शक्तींशी लढणाऱ्या 'समर्थ' या नायकाच्या कथा लिहिणारा लेखक एकच आहे, हे वाचताना विसरता येत नाही. त्यांचं अमानवी तत्त्वही नियमांनी चालतं: त्याला वाट लागते, वेळ लागते, कुणीतरी बोलवावं लागतं. समर्थ मंत्र पुटपुटणारे मांत्रिक नाहीत. ते आधी चौकशी करतात, माहिती जमवतात, मग कृती करतात. १९७४ साली जयंत नारळीकरांनी टोपणनावाने कथा पाठवून मराठी विज्ञान परिषदेचं बक्षीस मिळवलं, आणि विज्ञानकथेकडे शिष्ट वाचकांचं लक्ष गेलं. धारपांच्या वाट्याला मात्र लायब्ररीतली झिजलेली प्रतच आली. हा अन्याय होता असं त्या नातीचं ठाम मत आहे.

शुकनदीचं पाणी पावसाळ्यात खारेपाटणच्या बाजारपेठेत शिरतं. दुकानातली तांदळाची पोती, साखरेचे डबे, कापडाचे तागे रातोरात माळ्यावर चढवावे लागतात. वीज गेलेली, पायऱ्या एकेक करून बुडताहेत आणि माणसं रांग करून माल हातोहात वर देताहेत. कोण कुणाच्या दुकानात राबतोय, हे त्या रात्री कुणी विचारत नाही. धारपांचा शेवट नेमका असाच असतो, हे तिला अशाच एका रात्री कळलं. त्यांच्याकडे लढायला येतात ते तीन-चार सामान्य लोक: एखादा डॉक्टर, एखादा शिक्षक, एखादी घाबरलेली बाई. ते रात्रभर एकमेकांना धरून जागे राहतात. इतकंच. भीती जात नाही, पण त्यांच्यातलं कुणी उठून जातही नाही.

नोकरीसाठी ती मुंबईला गेली आणि तिथे लोकलमध्ये स्टीफन किंग वाचू लागली. १९७५ची 'सेलम्स लॉट' उघडली आणि दोन-तीन प्रकरणांतच तिला घाम फुटला. ही तर 'लुचाई'! अमेरिकेतल्या मेन राज्यातलं छोटं गाव, टेकडीवरचं घर, एकेक करून रिकामी होणारी वस्ती. फाटून गेलेला शेवट तिला असा, परक्या भाषेत सापडला. राग आला. मूळ लेखकाचं ऋण पुस्तकावर ठळक छापायला हवं, हे तिचं म्हणणं आजही आहे. पण दोन्ही शेजारी ठेवून वाचल्यावर दुसरीही गोष्ट दिसली. किंगच्या पाद्र्याची श्रद्धा ऐन वेळी डळमळते. क्रूस हातात असूनही तो हरतो. धारपांच्या जगात सत्प्रवृत्ती हीच शक्ती आहे, ती माणसाच्या वागण्यातून साठत जाते. हा पाया उसना नाही, तो त्यांचा स्वतःचा आहे.

२०१८ साली 'तुंबाड' आला. राही अनिल बर्वे यांच्या त्या चित्रपटाचं बीज धारपांच्या एका कथेत होतं आणि नाव श्री. ना. पेंडशांच्या 'तुंबाडचे खोत'वरून घेतलेलं. मूळ तुंबाड खेड तालुक्यातलं, म्हणजे कोकणातलंच. पडद्यावरचा तो न थांबणारा पाऊस, ओल धरलेल्या भिंती, घरात बांधून ठेवलेली म्हातारी. चित्रपटगृहात शेजारच्या मुलाने धारपांचं नावही ऐकलेलं नव्हतं. मध्यंतरात तिने त्याला चार पुस्तकांची नावं सांगितली, त्याने ती मोबाइलमध्ये लिहून घेतली. त्याच वर्षी 'ग्रहण' ही त्यांची कादंबरी झी मराठीवर मालिका होऊन आली.

आता साकेत प्रकाशनाने धारपांची पुस्तकं नव्याने काढली आहेत. गणपतीला गावी जाताना ती एखादं पिशवीत टाकते. यंदा भाचीने 'चेटकीण' मागितली होती. तिने ती दिली, आणि सोबत 'नेनचिम'ही, आधी हीच वाच असं बजावून. भाचीने अर्थातच आधी 'चेटकीण' संपवली. मग दोन दिवस दोघींचं भांडण चाललं ते वेगळ्याच मुद्द्यावर: देवचाराला हे पलीकडचं काहीतरी दिसलं, तर तो सीमेवर त्याला अडवेल की नाही? भाची म्हणते, अडवेल. आजी असती तर तीही हेच म्हणाली असती. मावशीला अजून तितकी खात्री नाही.