गृहकर्जाची खरी किंमत : चौसाळ्यातील एका घराचा हिशेब

गृहकर्जाची किंमत तीन गोष्टींवर ठरते : व्याजाचा दर, परतफेडीची मुदत आणि ती मुदत वाटेत किती लांबते. पहिल्या दोन गोष्टी मंजुरीपत्रात छापलेल्या असतात. तिसरी कर्जाच्या खातेउताऱ्यात, शिल्लक हप्त्यांच्या रकान्यात सापडते, आणि सगळ्यात जास्त पैसा तीच खाते. पुढचा हिशेब चौसाळ्यात बांधलेल्या आमच्या घराचा आहे. कर्ज बारा लाखांचे, मुदत वीस वर्षांची, मंजुरीच्या वेळचा दर ६.९ टक्के, पहिला हप्ता एप्रिल २०२१ चा.

चौसाळा हे बीड तालुक्यातले, धुळे-सोलापूर राष्ट्रीय महामार्गावरचे गाव. अशा गावात कर्जाचा दर माणसाच्या पगाराइतकाच जागेच्या कागदावरही ठरतो. गावठाणातल्या जुन्या घरांना पिढ्यान्‌पिढ्या ग्रामपंचायतीचा नमुना आठ एवढाच आधार असतो. तो कर आकारणीचा उतारा आहे, मालकीचा निर्णायक पुरावा नव्हे. शेताच्या सातबाऱ्यावर घर बांधायचे म्हटले तर अडचण वेगळी. थकीत कर्जाची तारण मालमत्ता ताब्यात घेण्यासाठी बँका २००२ च्या सरफेसी कायद्याचा आधार घेतात आणि तो कायदा शेतजमिनीला लागू नाही. म्हणून बँक आधी एनए, म्हणजे बिगरशेती, झालेल्या जागेचे कागद मागते. २४ एप्रिल २०२० रोजी सुरू झालेल्या स्वामित्व योजनेत ड्रोनने गावठाणाची मोजणी करून मिळकत पत्रिका देण्याचे काम हाती घेतले गेले, त्यामुळे ही अडचण थोडी हलकी झाली. पत्रिका हातात नसेल तर मात्र माणूस एखाद्या हाउसिंग फायनान्स कंपनीकडे वळतो. ती कर्ज देते, पण महाग देते.

महाग म्हणजे किती, ते पाहण्यासारखे आहे. बारा लाख, वीस वर्षे, नऊ टक्के : हप्ता ₹१०,७९७, एकूण व्याज सुमारे ₹१३.९१ लाख. तेच कर्ज तेरा टक्क्यांनी घेतले तर हप्ता ₹१४,०५९ आणि व्याज ₹२१.७४ लाख. एका कागदाच्या अभावी पावणेआठ लाखांहून जास्त रक्कम जाते. घर बांधायला काढण्याआधी मिळकत पत्रिकेसाठी किंवा एनएसाठी सहा महिने थांबावे लागले तरी ते थांबणे परवडते, असे माझे स्पष्ट मत आहे.

पहिला हप्ता सुरू होण्याआधीही खर्च होतो : प्रक्रिया शुल्क, वकिलाचा सर्च रिपोर्ट, मूल्यांकनकाराची फी, गहाणावरचे मुद्रांक शुल्क, गहाणाची नोंद करणाऱ्या नोटीस ऑफ इंटिमेशनचा खर्च, बीडचे हेलपाटे. ही रक्कम मोठी नसते, पण ती कर्जातून मिळत नाही, रोख लागते. बांधकामासाठीचे कर्ज एकदम हातात येत नाही. जोता झाला की एक टप्पा, स्लॅब पडला की दुसरा, गिलावा-फरशीनंतर उरलेला. प्रत्येक टप्प्याआधी मूल्यांकनकार येऊन फोटो काढून नेतो. जेवढी रक्कम उचलली तेवढ्यावर त्या काळात नुसते व्याज भरावे लागते. त्याने मुद्दल एक रुपयाही कमी होत नाही, आणि जुन्या घराचे भाडे चालूच असते.

या टप्प्यांच्या मध्ये काळी माती आडवी येते. काळ्या रानात पाया मुरूम लागेपर्यंत खाली न्यावाच लागतो, नाहीतर उन्हाळ्यात जमीन फाटली की भिंतीला तडा जातो. इंजिनिअरच्या अंदाजपत्रकात पाच फूट लिहिलेला खड्डा आमच्याकडे आठ फुटांवर जाऊन थांबला. दगड, खडी, स्टील आणि मजुरी, सगळेच त्या प्रमाणात वाढले. स्लॅबवर पाणी मारायला टँकर लागला. अंदाजपत्रक असे पाया खोदतानाच हलते आणि वाढीव खर्चासाठी लोक वैयक्तिक कर्ज किंवा सोनेतारण कर्ज काढतात. त्याचा हिशेब गृहकर्जात कुठेच दिसत नाही, पण ते त्याच घराचे कर्ज असते. बांधकामाच्या अंदाजात पायासाठी वेगळी रक्कम बाजूला ठेवावी आणि कर्जाचा आकडा त्यानंतरच ठरवावा.

मंजुरीच्या दिवशी बहुतेक ठिकाणी आणखी एक कागद पुढे येतो, कर्जाच्या विम्याचा. हप्ते फिटण्याआधी कर्जदाराचे बरेवाईट झाले तर उरलेले कर्ज विमा कंपनी फेडते. कल्पना चांगली आहे आणि घरातल्या माणसांसाठी विमा हवाच. प्रश्न हप्त्याच्या पद्धतीचा आहे. एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला, तर तो विम्याचा हप्ता राहत नाही, वीस वर्षांचे कर्ज होतो. ₹४८,००० चा विमा नऊ टक्क्यांच्या कर्जात मिळवला की महिन्याला ₹४३२ वाढतात आणि वीस वर्षांत त्यापोटी सुमारे ₹१,०३,६०० जातात. हा विमा घेण्याची सक्ती नाही. तेवढ्याच रकमेचा स्वतंत्र मुदत विमा घेऊन त्याचा हप्ता दरवर्षी भरता येतो, आणि कर्ज लवकर फिटले तरी तो विमा चालू राहतो.

आता हप्ता. समान मासिक हप्त्यात दर महिन्याला शिल्लक मुद्दलावरचे व्याज आधी वळते होते; उरेल ते मुद्दलात जमा होते. सुरुवातीला मुद्दल मोठे, म्हणून व्याज मोठे. नऊ टक्क्यांच्या बारा लाखांत पहिल्या ₹१०,७९७ पैकी ₹९,००० व्याजाचे आणि फक्त ₹१,७९७ मुद्दलाचे. हप्त्यातला व्याजाचा वाटा मुद्दलापेक्षा कमी व्हायला बारा वर्षांहून जास्त काळ जातो. दहा वर्षे एकही हप्ता न चुकवता सुमारे तेरा लाख भरले, तरी डोक्यावर ₹८.५२ लाख मुद्दल शिल्लक असते. मुदत अर्धी सरते, कर्ज अर्धे सरत नाही. अर्धे फिटायला चौदा वर्षे लागतात. यात कोणाची लबाडी नाही, चक्रवाढीचे ते साधे गणित आहे. पण मंजुरीपत्रासोबत परतफेडीचे पूर्ण वेळापत्रक मिळते, ते पहिल्या पानापासून शेवटपर्यंत एकदा वाचले नाही तर हे गणित कळायला अर्धे आयुष्य जाते.

मुदतीची निवडही तशीच. बारा लाख नऊ टक्क्यांनी पंधरा वर्षांसाठी घेतले तर हप्ता ₹१२,१७१ आणि व्याज ₹९.९१ लाख. तीस वर्षांसाठी घेतले तर हप्ता ₹९,६५६ आणि व्याज ₹२२.७६ लाख. महिन्याला अडीच हजार वाचतात खरे, पण त्यापायी जवळपास तेरा लाख जास्त मोजावे लागतात.

सर्वांत मोठा खर्च मात्र दर बदलल्यावर येतो. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांना नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाहेरच्या निकषाशी, बहुतेक ठिकाणी रिझर्व्ह बँकेच्या रेपो दराशी, जोडणे बंधनकारक झाले. तीन महिन्यांतून एकदा तरी दर नव्याने ठरतो. मे २०२० पासून रेपो चार टक्क्यांवर होता, म्हणून आम्हाला ६.९ टक्क्यांनी कर्ज मिळाले आणि हप्ता ₹९,२३२ बसला. ४ मे २०२२ रोजी रेपो ४.४० टक्के झाला, आणि तेथून वाढत वाढत ८ फेब्रुवारी २०२३ ला ६.५० टक्क्यांवर गेला. नऊ महिन्यांत अडीच टक्के.

या काळात बँकेत दरमहा तेवढेच ₹९,२३२ कापले जात होते. हप्ता तोच असल्याने घरात कोणाला काही जाणवायचे कारण नव्हते. एप्रिल २०२३ मध्ये दर ९.४ टक्क्यांवर पोचला तेव्हाच्या उताऱ्यातली ओळ अशी : हप्ता ₹९,२३२, व्याज ₹९,०४८, मुद्दल ₹१८४. दोन वर्षांत ₹२,२१,५६८ भरून मुद्दल कसेबसे पंचेचाळीस हजारांनी उतरले होते. शिल्लक हप्ते २१६ असायला हवे होते. त्या दराने आणि त्या हप्त्याने ते पाचशेच्या घरात गेले. म्हणजे कर्ज २०६५ सालापर्यंत चालले असते. मुदत वाढल्याचे पत्र किंवा फोन आलेला नव्हता.

त्या वेळी दोन वाटा होत्या. हप्ता तोच ठेवला तर यापुढे सेहेचाळीस लाखांच्या आसपास भरावे लागणार होते. मुदत मूळचीच ठेवली तर हप्ता ₹११,१०७ होणार होता आणि एकूण चोवीस लाखांत काम भागणार होते. महिन्याच्या ₹१,८७५ चा आणि अखेरच्या बावीस लाखांचा हा सामना. हप्ता वाढवून घेण्यासाठी लेखी अर्ज दिला आणि तो वाढवून मिळाला. पगारदाराला हे जमते. ज्याचे उत्पन्न सोयाबीन-कापसावर आहे त्याला दरमहा वाढीव रक्कम काढणे सोपे नाही. दिवाळीच्या आसपास हातात आलेला पैसा वर्षभर पुरवायचा असतो, आणि हप्ता तर दर महिन्याच्या ठरल्या तारखेलाच कापला जातो.

१८ ऑगस्ट २०२३ रोजी रिझर्व्ह बँकेने याच प्रश्नावर परिपत्रक काढले. दर बदलला तर त्याचा हप्त्यावर, मुदतीवर किंवा दोन्हींवर काय परिणाम होतो ते कर्जदाराला कळवले पाहिजे. हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा दोन्हींचा मेळ घालणे, हा पर्याय त्याला दिला पाहिजे. अंशतः किंवा पूर्ण रक्कम मुदतीआधी भरण्याची मुभा हवी, दर तिमाहीला विवरण मिळाले पाहिजे, आणि मुदत वाढवताना महिन्याचे व्याजही हप्त्यातून फिटत नाही अशी अवस्था येऊ देता कामा नये. हे नियम बँकांना आहेत तसेच हाउसिंग फायनान्स कंपन्यांनाही आहेत. रेपोशी जोडण्याची सक्ती मात्र फक्त बँकांवर आहे. हाउसिंग फायनान्स कंपनी आपला दर स्वतःच्या मूळ दरावरून ठरवते, त्यामुळे रेपो उतरला की तिचाही दर लगेच उतरेल असे धरून चालू नये. फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो ६.५० वरून ५.५० वर आला. दर उतरल्यावर हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. हप्ता आहे तोच ठेवून मुदत कमी करून घेणे जास्त फायद्याचे.

मुदतीआधी रक्कम भरणे हा खर्च कमी करण्याचा सर्वांत ठोस मार्ग. व्यक्तीने घेतलेल्या बदलत्या दराच्या गृहकर्जावर बँकेला त्यासाठी दंड आकारता येत नाही. रिझर्व्ह बँकेने २०१२ मध्येच तो बंद केला. नऊ टक्क्यांच्या बारा लाखांवर पहिले वर्ष संपताना एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर त्रेचाळीस हप्ते गळतात आणि सुमारे ₹३.६७ लाख व्याज वाचते. तेच एक लाख पंधराव्या वर्षी भरले तर फायदा फार थोडा, कारण तोवर बहुतेक व्याज भरून झालेले असते. पैसे भरताना अर्जात ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी’ असे स्पष्ट लिहावे. शेतकरी कुटुंबाला ही सोय विशेष उपयोगी आहे : दरमहा जादा भरता येत नाही, पण माल विकल्यावर वर्षातून एकदा पंधरा-वीस हजार भरता येतात.

आपल्या जिल्ह्यात इथे एक गोष्ट बोलावीच लागते. घरावर नऊ टक्क्यांचे कर्ज आणि हातातली शिल्लक जास्त व्याजाच्या आशेने मल्टिस्टेट पतसंस्थेत, ही रीत बीड जिल्ह्यात घरोघरी होती. २०२३ पासून अशा काही संस्थांतून ठेवीदारांना पैसे काढता येईनासे झाले आणि लोकांची लेकीच्या लग्नाची, म्हातारपणाची पुंजी अडकली. हप्ते मात्र चालूच राहिले. कर्जात भरलेला रुपया कर्जाच्या दराइतके व्याज नक्की वाचवतो आणि तो कुठेही अडकत नाही. चार-सहा महिन्यांच्या खर्चाची आणि दवाखान्याची रक्कम हाताशी ठेवून उरलेली कर्जात भरणे, हाच मार्ग मला योग्य वाटतो.

आयकराची सवलत अनेकजण कर्ज लांबवण्याचे कारण म्हणून सांगतात. जुन्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. नव्या प्रणालीत राहत्या घरासाठी ती नाही. वजावट मिळाली तरी ती व्याजाच्या एका भागाचीच भरपाई करते. महागाईचा मात्र कर्जदाराला खरोखर हातभार लागतो : पंधरा वर्षांनंतरचे दहा हजार आजच्या दहा हजारांइतके जड नसतात. म्हणून एकूण व्याजाचा आकडा पाहून घर बांधायचेच टाळावे, असे नाही. स्वतःच्या छपराची किंमत नुसत्या व्याजात मोजता येत नाही, आणि चौसाळ्यासारख्या गावात घर विकून नफा कमावण्यासाठी कोणी ते बांधत नाही.

शेवटचा हप्ता भरला म्हणजे काम संपले असे नव्हे. १ डिसेंबर २०२३ पासूनच्या नियमानुसार कर्ज पूर्ण फिटल्यावर तीस दिवसांत मूळ कागदपत्रे परत मिळाली पाहिजेत. संस्थेच्या चुकीने उशीर झाला तर दर दिवसाला ₹५,००० भरपाई तिने द्यायची आहे. कर्ज फिटल्याचा दाखला घेऊन सातबाऱ्यावरचा किंवा मिळकत पत्रिकेवरचा बोजा उतरवण्याचा अर्ज मात्र कर्जदारालाच करावा लागतो. तो फेरफार मंजूर होऊन नवा उतारा हातात आला की मगच फाइल कपाटात ठेवावी. आणि तोपर्यंत, ज्यांचे कर्ज चालू आहे त्यांनी या महिन्यातच खातेउतारा मागवून शिल्लक हप्ते मोजावेत.