गाव थापेचं, हिशेब पक्का!

न्यूयॉर्कमधून निघायचं, चारेक तास गाडी हाकायची, हायवे सोडून शेतं, गोठे, टेकड्या ओलांडायच्या आणि पोचायचं कुठे? तर दोन हजारांहून कमी वस्तीच्या एका खेड्यात! नाव कूपर्सटाऊन. बीच नाही, कसिनो नाही, मॉल नाही. तरी उन्हाळ्यात पार्किंगची मारामार. कारण पिढ्यान् पिढ्या अमेरिकेत सांगितलं गेलं की बेसबॉलचा जन्म इथे झाला. आणि बॉस, तीच तर थाप आहे.

मी या वाटेला लागले ती ऑफिसमुळे. न्यू जर्सीत ऑनसाइट होते तेव्हा आमच्या टीममध्ये पन्नाशीचा एक टेस्टर होता. दिवसा आमच्या कोडमधले बग्ज शोधायचा, रात्री विस्मृतीत गेलेल्या बेसबॉलपटूंची चरित्रं लिहायचा. तीही फुकट! 'सोसायटी फॉर अमेरिकन बेसबॉल रिसर्च' नावाची संस्था १९७१ मध्ये सोळा जणांनी कूपर्सटाऊनमध्येच सुरू केली. २००२ पासून तिचे सभासद एकेका खेळाडूचं चरित्र लिहून ऑनलाइन ठेवतायत. बेब रूथचंही आणि आयुष्यात एकच मॅच खेळलेल्या कुणाचंही. ऑक्टोबरातल्या एका शुक्रवारी हा गृहस्थ रजा टाकून तिथल्या लायब्ररीत निघाला होता. शेजारची सीट रिकामी होती. मी बसले.

गाव मात्र देखणं! एक मेन स्ट्रीट, दोन्हीकडे विटांच्या जुन्या इमारती, टोकाला ऑट्सेगो सरोवर. दुकानांत बॅटवर तुमचं नाव कोरून मिळतं. रस्त्यालगत डबलडे फील्ड नावाचं छोटं मैदान. हा अॅबनर डबलडे म्हणजे अमेरिकन यादवी युद्धातला जनरल. १९०५ मध्ये बेसबॉलचं मूळ शोधायला एक समिती नेमली गेली. तिला डेन्व्हरमधल्या एका मायनिंग इंजिनिअरचं पत्र आलं, की १८३९ साली कूपर्सटाऊनमध्ये डबलडेने खेळ शोधून काढला. समितीने ते उचलून धरलं. पत्र लिहिणारा १८३९ मध्ये पाच वर्षांचा होता आणि डबलडे त्या वर्षी वेस्ट पॉइंटच्या लष्करी अकादमीत शिकत होता, हे कोण बघतंय! पुढे जवळच्या एका घरात जुना फाटका बॉल सापडला. तो पाच डॉलरला विकत घेतला स्टीफन क्लार्कने. आपल्या आजीच्या खोलीत 'सिंगर'चं शिवणयंत्र असायचं ना, त्या कंपनीच्या पैशावर क्लार्क घराणं गडगंज झालेलं. त्याच्या पुढाकाराने १९३९ मध्ये इथे बेसबॉलचं 'हॉल ऑफ फेम' उघडलं. थापेची शंभरी थाटात साजरी झाली.

आत शिरलात की कांस्यपाटांचं दालन आहे. देवळासारखं शांत. लोक खरंच कुजबुजत बोलतात. टाय कॉबच्या पाटीपाशी माझा टेस्टर थांबला आणि म्हणाला, "हा बघ, सगळ्यात फेमस बग." पाटीवर लिहिलंय, कॉबच्या नावावर ४१९१ हिट्स. (चेंडू मारून सुखरूप बेसवर पोचलात की एक हिट.) मी फोनवर 'बेसबॉल-रेफरन्स' उघडलं. तिथे ४१८९!

हे दोन हिट्स गेले कुठे? तर ही भानगड १९१० ची. त्या सीझनला सर्वाधिक सरासरीवाल्याला चाल्मर्स कंपनीची मोटार मिळणार होती. कॉब पुढे होता, म्हणून शेवटचे दोन सामने तो खेळलाच नाही. त्याचा प्रतिस्पर्धी नॅप लाजवेने शेवटच्या दिवशी दोन सामन्यांत मिळून आठ हिट्स केले, कारण समोरच्या संघाने त्याला ते चक्क करू दिले. कॉब इतका नावडता होता! शेवटी कॉबच जिंकला असं जाहीर झालं, पण कंपनीने दोघांनाही गाड्या देऊन टाकल्या. सत्तर वर्षांनी पीट पामर या संशोधकाला जुन्या हिशेबवह्यांत दिसलं, की कॉबचा एक सामना दोनदा चढवलाय. १९८१ मध्ये ते छापून आलं. तेव्हाच्या कमिशनरने दुरुस्ती साफ नाकारली. मग १९८५ मध्ये पीट रोझने सिनसिनाटीत ११ सप्टेंबरला ४१९२वा हिट मारला, देशभर जल्लोष झाला. पामरचा हिशेब धरला, तर विक्रम तीन दिवस आधी शिकागोतच मोडून झाला होता आणि कुणालाच पत्ता नव्हता.

मला वाटलं, दोन हिट्ससाठी एवढं? पण ही माणसं तशीच आहेत. डेव्हिड स्मिथ हा डेलावेअर युनिव्हर्सिटीतला जीवशास्त्राचा प्रोफेसर. त्याने १९८९ मध्ये 'रेट्रोशीट' सुरू केलं. जुन्या प्रत्येक मॅचचा चेंडूगणिक नाही, तरी खेळीगणिक वृत्तान्त गोळा करायचा. क्लबांच्या, पत्रकारांच्या, शौकिनांच्या स्कोअरवह्या मिळवायच्या, स्वयंसेवकांनी टाइप करायच्या आणि जगाला फुकट द्यायच्या. अट एकच, 'रेट्रोशीट'चा उल्लेख करा. २००० मध्ये शॉन फोरमन या गणितवाल्याने 'बेसबॉल-रेफरन्स' आणलं आणि किलोभर वजनाचे जाडजूड ग्रंथ कपाटात गेले. आज अमेरिकेत बेसबॉलवर कुणी दोन ओळी लिहितो, तेव्हा एक टॅब तिथे उघडा असतोच.

त्या जाडजूड ग्रंथांचीही मजा होती म्हणा. लेखक डब्ल्यू. पी. किन्सेलाला 'बेसबॉल एन्सायक्लोपीडिया'त एक नाव दिसलं, मूनलाइट ग्रॅहॅम. कारकीर्द, एक सामना, १९०५. बॅटिंगची संधी शून्य. त्या एका ओळीवरून त्याने शोध घेतला, तर हा माणूस पुढे मिनेसोटातल्या चिझम गावाचा लाडका डॉक्टर झालेला. किन्सेलाच्या कादंबरीवरून १९८९ मध्ये 'फील्ड ऑफ ड्रीम्स' आला, त्यातला तो म्हातारा डॉक्टर हाच.

पण एक ओळ मिळायलाही नशीब लागतं. त्याच दालनात जॉश गिब्सनची पाटी आहे. कृष्णवर्णीय म्हणून मेजर लीगचे दरवाजे त्याला बंद होते. जानेवारी १९४७ मध्ये, पस्तिसाव्या वर्षी तो गेला आणि तीनच महिन्यांनी जॅकी रॉबिन्सनने तो दरवाजा उघडला. पाटीवर लिहिलंय, 'जवळजवळ ८०० होमरन्स'. जवळजवळ! शेजारी कॉबच्या हिट्ससाठी एकेकाचं भांडण आणि इथे गोल अंदाज. कारण त्याच्या सामन्यांचे हिशेब नीट ठेवलेच नव्हते. मग गॅरी अॅशविल, लॅरी लेस्टर यांच्यासारखे लोक 'शिकागो डिफेंडर', 'पिट्सबर्ग कुरियर' अशा कृष्णवर्णीयांच्या वर्तमानपत्रांच्या मायक्रोफिल्म्स वर्षानुवर्षं चाळत बसले. एकेक स्कोअरकार्ड उचललं. २०११ मध्ये 'सीमहेड्स'चा डेटाबेस खुला झाला, २०२० मध्ये मेजर लीगने त्या लीग्जना बरोबरीचा दर्जा दिला आणि मे २०२४ मध्ये आकडे अधिकृत यादीत आले. गिब्सनची सरासरी .३७२. कॉबची .३६७. शंभर वर्षं गादीवर बसलेला कॉब दुसरा!

गंमत म्हणजे याच छाननीत गिब्सनचे लीगमधले होमरन्स दोनशेच्याही आत निघाले. बाकीचे गावोगावच्या प्रदर्शनी सामन्यांतले, ज्यांचे कागद नाहीत. म्हणजे दंतकथा आटली आणि माणूस वर गेला. मला हे फार आवडलं. अर्थात सगळं सापडलेलं नाहीच. १९२० ते १९४८ च्या नोंदी सुमारे ७५ टक्केच पूर्ण आहेत, असं मेजर लीगचे इतिहासकार जॉन थॉर्न यांनी तेव्हाच सांगितलं.

मला आठवले पालवणकर बाळू. पुण्यात साहेबांना नेट्समध्ये बोलिंग टाकणारा हा दलित फिरकीपटू. संघातल्यांपासून वेगळा बसून चहा प्यायचा, तोही मातीच्या भांड्यात. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्याने शंभरहून जास्त विकेट्स काढल्या. त्या आपल्याला आज एका क्लिकवर दिसतात, कारण इंग्लिश स्कोअरर प्रत्येक विकेट लिहून ठेवत होते. बेसबॉलचा बॉक्स स्कोअर रुजवणारा हेन्री चॅडविकही मूळचा इंग्लंडचा, आधी क्रिकेटच कव्हर करायचा. त्याचीही पाटी त्या दालनात आहे. टेस्टरला बाळूंबद्दल सांगितलं, तर त्याने आधी स्पेलिंग विचारलं. मग जन्मतारीख. मग म्हणाला, "सोर्स काय?"

लायब्ररीत जायला आधी अपॉइंटमेंट घ्यावी लागते, एवढं लक्षात ठेवा. तिथे खेळाडूंच्या नावाच्या फायली आहेत. कात्रणं, पत्रं, फोटो. टेस्टरच्या खेळाडूची फाइल इतकी बारीक, की मला वाटलं रिकामी आहे. दोन कात्रणं निघाली. तो तासभर ती वाचत होता. मी सरोवराकाठी जाऊन सायडर आणि गरम डोनट खाऊन आले, तरी तो तिथेच.

परतताना अंधार पडला होता. एका कात्रणात त्या माणसाचा जन्म १८९६ चा होता, दुसऱ्यात १८९८ चा. "मग कुठला लिहिणार?" मी विचारलं.

"दोन्ही," तो म्हणाला. "आणि जनगणनेचे कागद मिळेपर्यंत पुढे प्रश्नचिन्ह."